दोमितिलाची पाच वार भिंत

सान ओनोफ्रेच्या जत्रेला अकरा दिवस उरलेले, आणि दोमितिला त्रुहियो स्टुलावरून पडली. स्वयंपाकघरातल्या तुळईला टांगलेली गेल्या सालची मिरच्यांची माळ तिला उतरवायची होती. तिच्यापेक्षा हातभर उंच असा मुलगा आब्रान दर महिन्याला आल्बुकर्कीहून येतो, आल्या आल्या विचारतो की आई, काही काढायचं-ठेवायचं आहे का. पण त्याला सांगेल ती दोमितिला कसली. एकाहत्तराव्या वर्षी बाई स्टुलावर चढली, मिरच्या हातात आल्या आणि पायाखालचं स्टूल गेलं. मिरच्यांना काही झालं नाही. उजवं मनगट दोन जागी मोडलं.

खालच्या गावातल्या डॉक्टरनं कोपरापर्यंत प्लास्टर घातलं आणि सहा आठवडे हात हलवायचा नाही म्हणून बजावलं. जिनं जन्मभर चर्चच्या भिंतीला प्लास्टर केलं तिच्याच हाताला शेवटी प्लास्टर झालं, हा विनोद संध्याकाळपर्यंत गावात चार जणांनी चार ठिकाणी केला आणि प्रत्येकाला वाटलं की तो आपल्यालाच सुचला. दोमितिलाला काही हसू आलं नाही. तिला काळजी पडली होती ती तिच्या पाच वार भिंतीची.

आमचं चर्च मातीचं. सव्वादोनशे वर्षांपूर्वी दक्षिणेकडून बैलगाड्या घेऊन आलेल्या लोकांनी त्याच्या कच्च्या विटा पाडल्या, शेजारच्या पुएब्लोतल्या, म्हणजे मूळ रहिवाशांच्या वस्तीतल्या, लोकांनी डोंगरावरून तुळया खांद्यावर वाहून आणल्या, आणि तेव्हापासून दर जूनमध्ये, जत्रेच्या आधीच्या शनिवारी, सगळं गाव मिळून त्याला नव्यानं लिंपतं. पाऊस आणि बर्फ वर्षभर भिंती चाटून जातात, त्याला इलाज नाही. पुरुषांनी पाणी आणायचं, माती कालवायची, शिडी धरायची आणि गप्प बसायचं. भिंतीला हात लावायचा तो बायकांनी. आणि त्यातही कुणीही कुठेही नाही. प्रत्येक घराचा तुकडा ठरलेला, आईकडून लेकीकडे आलेला. दाराच्या डाव्या हाताचा तुकडा हद्दादांचा. त्यांचा पणजोबा लेबनॉनहून पाठीवर कापडाचं गाठोडं घेऊन आला, इथलीच मुलगी केली, आणि तिच्याबरोबर चार वार भिंतही घरात आली. वेदीच्या मागचा तुकडा पुएब्लोतल्या एका घराचा, तुळयांच्या मानाचा. सगळ्यांचं लिंपून झालं की त्याच घरून आलेल्या चमकदार सोनेरी मातीचा पातळ हात साऱ्या चर्चवर फिरतो, म्हणजे कुणाची माती काळी नि कुणाची तांबडी हे कुणाला दिसत नाही. एकोणीसशे एकोणसत्तर साली कमरेपर्यंत केस वाढवलेला बार्नबी नावाचा एक गोरा पोरगा कुठूनसा आला. आमचा संत ओनोफ्रेही तसाच केसाळ, त्यामुळे म्हाताऱ्यांनी त्याला हाकलला नाही. चिखलाचा खड्डा आज पन्नासहून जास्त वर्षं तोच सांभाळतो आहे. केस राहिले नाहीत, बार्नबी राहिला.

नियम एकच, पण कडक. शनिवारी संध्याकाळची घंटा झाली की तिथून पुढच्या लिंपणापर्यंत तुकड्यात एक जरी वीट उघडी दिसली, किंवा लिंपायला त्या घरची बाई उभीच राहिली नाही, तर तो तुकडा शेजारच्या घराला जातो. कायमचा. देल्गादोंचा तसाच गेला. त्यांची नातवंडं डेन्व्हरहून येतात तेव्हा अजून चर्चच्या त्या बाजूला तोंड करून उभी राहत नाहीत.

दोमितिलाला लेक नव्हती. आणि उत्तरेच्या भिंतीवर, अगदी कोपऱ्यातल्या तिच्या पाच वारांना लागून सात वार होते ते रोसेन्दा मोंतान्योचे. रोसेन्दाला पाच लेकी, पाचही धडधाकट, सात वारांत एकमेकींची कोपरं एकमेकींना लागायची. दोमितिलाचा हात मोडल्याचं कळलं तेव्हा त्या पाचजणींपैकी कुणाच्या ना कुणाच्या मनात मोजणी सुरू झाली असणार, याबद्दल दोमितिलाला तिळमात्र शंका नव्हती.

रोसेन्दा ही तिची कोमाद्रे. दोमितिलाच्या आब्रानला बाप्तिस्म्याच्या वेळी हातांवर धरलं ते रोसेन्दानं, म्हणजे ती त्याची धर्माची आई आणि दोमितिलाची कोमाद्रे. हे नातं रक्ताच्या नात्याहून घट्ट. बहिणीशी भांडता येतं, नवऱ्याशी तर यावंच लागतं, पण कोमाद्रेला अरे-तुरे करायचं नाही, टाकून बोलायचं नाही, तिच्या पाठीमागे तिचं वाईट बोलायचं नाही. मग बिनसलं तर माणसानं करायचं काय? न बोलणं, एवढीच एक वाट उरते. त्या वाटेनं त्या दोघी सत्तावीस वर्षं चालत होत्या.

त्याला कारण झालं ते असं. दोमितिलाची आई वारली. नवव्या दिवशी जपमाळेची प्रार्थना झाली, लोक जेवायला बसले, आणि रोसेन्दा तिच्याजवळ बसून हलक्या आवाजात म्हणाली की कोमाद्रे, तुमच्या आईच्या प्रमाणानं आता ती भिंत टिकायची नाही. खरं बोलायलाही वेळकाळ असतो, हे रोसेन्दाला कधी समजलंच नाही. आईला जाऊन नऊ दिवस झालेत आणि ही बाई तिच्या चिखलाला नावं ठेवते आहे. दोमितिलानं पुढचं ऐकलंच नाही. ताटातली मिरचीची भाजी तशीच टाकून ती उठली ती उठलीच.

तेव्हापासून दोघींच्या तोंडाला कुलूप. नाताळात रोसेन्दा गोड करंज्यांची ताटली पाठवायची, चर्चचे कारभारी एपिमेनियो यांच्या हाती. ताटली रिकामी परत द्यायची नसते, म्हणून दोमितिला तिच्यात बडीशेपेची बिस्किटं घालून एपिमेनियोंच्याच हाती परत पाठवायची. सत्तावीस वर्षं तीच एक ताटली गावातून जा-ये करत होती आणि एपिमेनियो दोन्हीकडचा एकेक नग वाटेत खाऊन चांगले गरगरीत झाले होते. उत्तरेची भिंत रोसेन्दाच्या स्वयंपाकघराच्या खिडकीसमोर येते. आपण तिच्या घरात डोकावायला आलो असं तिला वाटायला नको, म्हणून दोमितिला लिंपणाचा दिवस सोडला तर वर्षभर त्या बाजूला पाऊलही टाकत नसे. रविवारी चर्चमधून निघाली की लांबचा वळसा घालून, कुत्र्यांच्या गल्लीतून घरी जायची.

आब्रान फोनवर म्हणाला की आई, एक गवंडी पाठवतो. दोमितिलानं एवढंच विचारलं की गवंडी बाई आहे का आणि त्रुहियोंच्या घरातली आहे का. मग तो म्हणाला, मार्लिस येईल.

मार्लिस म्हणजे सून. मिनेसोटाची, नॉर्वेकडच्या लोकांतली, पांढऱ्या भुवयांची, बालवाडीत शिकवणारी. अकरा वर्षं झाली लग्नाला आणि अकरा वर्षं ती सासूला नावानं हाक मारत होती. त्यांच्यात तशीच रीत, त्यात अपमान नसतो, हे आब्राननं आईला शंभरदा समजावलं होतं. दोमितिलानं ते शंभरदा ऐकून घेतलं होतं आणि एकदाही मानलं नव्हतं. या पोरीला मिरची तिखट लागते, ती आमटीवर साखर घालते असं एकदा दोमितिलानं बहिणीला सांगितलं. ते खोटं होतं, पण सांगायला बरं वाटलं. आता तिच्याच हाती पाच वार भिंत द्यायची वेळ आली होती. अडला हरी म्हणतात ते यालाच.

मार्लिस शुक्रवारी आली ती वही घेऊन. लिंपणाची कृती काय, प्रमाण काय, थर किती, सगळं तिनं लिहून घ्यायला सुरुवात केली. दोमितिलानं सांगितलं की लिहायचं काही नाही, माती बोटांना कळते. मार्लिसनं वहीत तेही लिहून घेतलं. मग दोघी बागेमागच्या ओहोळाकाठी गेल्या आणि दोमितिलानं डाव्या हातानं दाखवली ती काळी, लोण्यासारखी माती मार्लिसनं खणली. मार्लिस वाढली होती दुभत्या गाईंच्या गोठ्यावर. बारा घमेली माती तिनं अशी गाडीत टाकली की दोमितिलानं नाइलाजानं मनात कौतुक केलं आणि तोंडानं म्हटलं की घमेलं गुडघ्यावर टेकवायचं नाही, कपडे खराब होतात. आईचं प्रमाण तिनं सांगितलं: माती, पाणी, मूठभर पेंढा, वाळू अजिबात नाही. आमच्या घरची भिंत बाळाच्या गालासारखी, असं आई म्हणायची.

शनिवारी सकाळी सातला एपिमेनियोंनी घंटा दिली आणि काम सुरू झालं. ट्रकांच्या फळ्यांवर कॉफीच्या किटल्या, बीन्सची पातेली, चुलीतून काढलेल्या पावांचे ढीग. उत्तरेच्या बाजूला रोसेन्दा आणि तिच्या पाच लेकी रांगेनं उभ्या होत्या, बाह्या वर करून. पाचही जणींनी दोमितिलाला काकू म्हणून नमस्कार केला, हाताची चौकशी केली. थोरलीनं म्हटलं, काही लागलं तर हाक मारा. दोमितिलाला त्या बोलण्यात पाच वार ऐकू आले. रोसेन्दानं नुसती मान हलवली आणि भिंतीकडे वळली. पंचाहत्तरीची बारकुळी बाई, पण हात अजून झरझर चालत होते.

लिंपायच्या आधी जुनं सुटलेलं खरवडून काढायचं असतं. दोमितिलानं मार्लिसला एक फावडी दिली, सैल असेल तेवढं काढ म्हणून सांगितलं आणि ती गेली खड्ड्यावर, बार्नबी तिच्या मातीत भलतंच काही कालवत नाही ना ते बघायला. तिथे तिचा तासाहून जास्त वेळ गेला, कारण बार्नबीला बोलायला आवडतं आणि दोमितिलाला त्याच्या चुका काढायला.

परत आली तर भिंत नव्हती. म्हणजे विटा होत्या. पाच वार रुंद, तीन वार उंच, नागड्या विटा. जुन्या गिलाव्याचे ताटाएवढे पोपडे पायाशी पडले होते आणि त्यांच्या मधोमध मार्लिस उभी होती, घामानं लाल झालेली आणि स्वतःवर भलतीच खूश. तिनं सांगितलं की भिंतीवर टकटक केलं तर सगळीकडेच पोकळ आवाज आला, म्हणून सगळंच काढलं. फक्त शेजाऱ्यांच्या बाजूला वीतभर पट्टी ठेवली आहे, त्यांचं काही बिघडू नये म्हणून. ती कड थापीनं अगदी सरळ कापली आहे. बालवाडीत कागद कापायला शिकवतात तशी ती खरंच सरळ होती.

दोमितिलानं खाली बघितलं. तिच्या आईनं, आजीनं, पणजीनं ज्याला हात लावला तो गिलावा आता चपलांखाली होता. एक हात द्यायचा तिथे आता विटेपासून जाडजूड थर द्यावा लागणार होता आणि एपिमेनियोंची घंटा संध्याकाळी सहाला होती. शेजारच्या पाचही जणी हात थांबवून बघत होत्या. ओरडायचं होतं ते दोमितिलानं गिळलं. घरच्या माणसाला परक्यांपुढे बोलायचं नसतं, रात्री बघू.

तिनं मार्लिसला भिंत ओली करायला लावली, चिखलाचा गोळा तळव्यानं खालून वर कसा दाबायचा ते डाव्या हातानं दाखवलं, आणि मार्लिस कामाला लागली. काम वाईट नव्हतं. साडेअकरापर्यंत सगळ्या विटा झाकल्या. काळा, गुळगुळीत, तुकतुकीत थर; दोमितिलाला आईची आठवण झाली. दोघी सावलीत बसून बीन्स जेवल्या आणि दोमितिलानं मार्लिसला दुसरी पोळी स्वतःहून वाढली. अकरा वर्षांत हे पहिल्यांदाच झालं.

जूनचं डोंगरातलं ऊन कुणाची गय करत नाही. एक वाजता भिंतीवर केसाएवढ्या भेगा दिसल्या. दीडला त्यात बोट जायला लागलं. दोनला वरचा एक मोठा तुकडा सुटला आणि धप्पकन खाली आला, मग त्याच्या शेजारचा. मार्लिसनं घाईघाईनं नवा चिखल लावला. तो जुन्याला घेऊन खाली आला. तीन वाजता अर्ध्या भिंतीवर पुन्हा विटा दिसत होत्या, आणि दोमितिला उलट्या घमेल्यावर बसून प्लास्टरमधला हात मांडीवर घेऊन नुसती बघत होती. आई गेली, नवरा गेला, आणि आता हे. या पाच वारांवर तिची आई दर सालात एक दिवस परत यायची. पुढच्या जूनपासून ती कुठे येणार, असा विचार तिच्या मनात आला आणि तिचे डोळे भरून आले. तिनं ते डाव्या बाहीनं पुसले, कुणी बघायच्या आत.

मार्लिसनं बघितलंच. ती जवळ येऊन मातीतच बसली. काहीतरी बोलायला हवं म्हणून तिनं त्या कापलेल्या कडेकडे बोट केलं.

"दोमितिला, ही लाल माती पण तुमचीच का?"

दोमितिला म्हणाली की आमच्याकडे लाल माती कुठली, आमची काळी. लाल रोसेन्दाच्या शेतातली. तरी ती उठली आणि कड बघायला गेली, कारण पोरीची चूक दाखवायला मिळत असेल तर ती संधी कोण सोडतं.

कापलेल्या कांद्यासारखे थर दिसत होते. दर वर्षीचा एक काळा थर, त्यावर सोनेरी हाताची रेघ. आणि काळ्या थरात जिथे जिथे भेग होती तिथे तिथे लाल माती दाबून भरलेली, आणि त्या लालवर पुन्हा वेगळी सोनेरी रेघ. त्यावर पुढच्या सालचा काळा थर. पुन्हा भेग, पुन्हा लाल. दोमितिलानं नखानं मोजायला सुरुवात केली. पायाशी पडलेला एक पोपडा उचलला, त्यातही तेच. दुसरा उचलला. बारा, तेरा, चौदा. वीसच्या पुढे तिला मोजवेना.

मग तिनं मागे वळून बघितलं. समोर रोसेन्दाच्या स्वयंपाकघराची खिडकी होती.

म्हणजे दर जूनमध्ये दोमितिला भिंत लिंपून, ताठ मानेनं, लांबच्या वळशानं घरी जायची. दर पावसाळ्यानंतर ती भिंत तडकायची. आणि दर ऑक्टोबरात, बर्फ पडायच्या आत, ही म्हातारी आपली लाल माती घेऊन बाहेर यायची, भेगा भरायची, आणि उरलेली सोनेरी माती वरून फिरवायची, म्हणजे कुणाला दिसू नये. दोमितिलाला सुद्धा. एका हिवाळ्यात तिनं नुसती पाठ फिरवली असती तरी विटा उघड्या पडल्या असत्या आणि पाच वार तिच्या पाच लेकींच्या पदरात आयते पडले असते. सत्तावीस हिवाळे झाले होते. आणि इकडे दोमितिला गावाला सांगत होती की आमच्या आईच्या प्रमाणाची भिंत बघा, कशी टिकते.

तिला लाज वाटली. सरळच सांगायचं तर इतकी लाज तिला जन्मात वाटली नव्हती. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही म्हणतात. त्या क्षणी तो जळला. कड जिथे संपत होती तिथून रोसेन्दा चार पावलांवर होती, पाठमोरी, आपल्या भिंतीवर मेंढीच्या कातड्यानं शेवटचा हात फिरवत. दोमितिला ती चार पावलं चालली. पाचही लेकींचे हात थांबले. शिडी धरून उभ्या असलेल्या एपिमेनियोंनी टोपी काढली, का ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

"कोमाद्रे," दोमितिला म्हणाली, "वाळू किती घालायची?"

रोसेन्दाचा हात भिंतीवरच राहिला. वळायला तिला जरा वेळ लागला, आणि वळली तेव्हा तिचे डोळे काही कोरडे नव्हते. पण आवाज नेहमीचाच, ठणठणीत.

"तुमच्या मातीला? तीन घमेल्यांना दोन. आणि पेंढा बोटभर कापून, भरपूर." मग हात एप्रनला पुसत ती म्हणाली, "तुमच्या आईचं प्रमाण चुकीचं नव्हतं, कोमाद्रे. ती वरच्या काठाची माती घ्यायची, तिच्यात वाळू मुळातच होती. तो काठ पुरात गेला. तुम्ही खालची घेता. मी तेच सांगत होते, पण तुम्ही ताट टाकून उठलात."

"अर्धंच ऐकलं मी."

"हो. बाकीचं अर्धं मी सत्तावीस वर्षं भिंतीत भरते आहे."

बोलत बसायला वेळ नव्हता. साडेतीन वाजले होते. बार्नबीला हाक गेली, वाळू आली, नवा चिखल झाला. आता प्रश्न उभा राहिला तो हातांचा. एकटी मार्लिस सहापर्यंत कशी पुरणार, आणि दुसऱ्या घराच्या बाईनं तुकड्याला हात लावायचा नाही हा तर नियम. रोसेन्दानं एपिमेनियोंकडे बघितलं आणि विचारलं की बाप्तिस्म्यात ज्याला मी धरलं त्या आब्रानची मी कोण? एपिमेनियो म्हणाले, आई, धर्माची. मग ही त्याची बायको माझी कोण? एपिमेनियोंनी दोन्ही म्हाताऱ्यांकडे आळीपाळीनं बघितलं. त्या दोघींचं एकमत झालेलं त्यांनी आयुष्यात पाहिलं नव्हतं आणि त्यात आडवं पडायची त्यांची छाती नव्हती. सून, ते म्हणाले. "झालं तर," रोसेन्दा म्हणाली, आणि तिनं दोमितिलाच्या भिंतीला हात लावला. या वेळी भर दुपारी, सगळ्या गावासमोर.

तिघी कामाला लागल्या. खाली दोमितिला, डाव्या हातानं, मध्ये रोसेन्दा, वर शिडीवर मार्लिस, आणि तिला दोन्हीकडून सूचना. अंगठा वापरू नकोस, दोमितिला म्हणायची. अंगठाच वापर, रोसेन्दा म्हणायची. वहीत कुणाचं लिहायचं ते न कळून मार्लिस शिडीवरच हसत सुटली. लेकींनी चिखल पोचवायचं काम घेतलं. पोचवायला नियमाची आडकाठी नव्हती. धाकटी म्हणाली की आई दर ऑक्टोबरात चर्चमागे मेथी शोधायला जाते असं आम्हाला सांगायची, आणि आम्ही म्हणायचो की दगडात कसली मेथी. रोसेन्दानं तिला गप्प बसायला सांगितलं.

सहाला पाच कमी असताना वरच्या कोपऱ्यात सात-आठ विटा अजून उघड्या होत्या. सहा वाजले. घंटा झाली नाही. सव्वासहाला कुणीतरी एपिमेनियोंना विचारलं, तर ते दोरीशी झगडत होते; दोरीला गाठ बसली होती म्हणे, सुटता सुटत नव्हती. मार्लिसनं शेवटची वीट झाकली, हात वर केला, आणि त्याच क्षणी त्या गाठीला सुबुद्धी झाली. सहा वाजून बावीस मिनिटांनी सान ओनोफ्रेत संध्याकाळचे सहा वाजले, आणि गावात एकालाही घड्याळ बघायची आठवण झाली नाही.

राहिली होती ती दोन तुकड्यांमधली पट्टी. सत्तावीस वर्षं दोघींनीही तिथे हात थोडा आधीच थांबवला होता, दुसरीच्या मातीला आपला हात लागू नये म्हणून, आणि तिथे एक उभी खाच पडली होती. दोमितिलानं डावा तळवा ठेवला, रोसेन्दानं उजवा, आणि खालून वरपर्यंत दोघींनी ती बुजवली. नंतर सोनेरी हात फिरला तेव्हा कुणाची हद्द कुठे संपते ते काही कळेना. रोसेन्दाची थोरली म्हणाली की पुढच्या वर्षी मोजायचं कसं? त्यावर दोमितिला म्हणाली की पुढच्या वर्षीचं पुढच्या वर्षी भांडू, भांडायलाही आता बोलावंच लागेल.

मार्लिसला तिनं त्या रात्री ओरडायचं ठरवलं होतं ते राहूनच गेलं. उलट तिच्या वहीत स्वतः डाव्या हातानं, वेड्यावाकड्या अक्षरात लिहून दिलं: तीन घमेली माती, दोन वाळू. मार्लिस म्हणाली, थँक्यू, दोमितिला. आणि हाक नावानंच आली तरी दोमितिलाला काही खुपलं नाही.

ऑक्टोबरात, पहिल्या बर्फाच्या आधी, दोमितिला बादलीत वाळू कालवलेली काळी माती घेऊन उत्तरेच्या भिंतीपाशी गेली. प्लास्टर निघालं होतं, हात बरा झाला होता, आणि या सालच्या भेगा आपण स्वतः भरायच्या असा तिचा निश्चय होता. ती या टोकापासून त्या टोकापर्यंत दोनदा फिरली. नख जाईल एवढीही भेग नव्हती. दोमितिला जरा हिरमुसलीच. बादली घेऊन एवढ्या लांब आल्यावर आता दार ठोठावायचं तरी कोणत्या निमित्तानं, असा विचार करत ती उभी होती, तेवढ्यात समोरची खिडकी उघडली.

"दगडात मेथी सापडत नसते, कोमाद्रे," रोसेन्दा म्हणाली. "या आत. कॉफी ठेवली आहे."